काळाच्या दरबारातला बदनाम कारभारी: नेव्हिल मास्केलिन

ध्रुवमत्स्य (धागाकर्ता)

गेल्या महिन्यात 'नवाकथाकार' यांनी लेखन विभागात विचारलं होतं: काळाची जादू जाणणाऱ्यांच्या एका संघटनेवर कादंबरी लिहितोय, तिचा प्रमुख असा हवा की अर्ध्या लोकांना तो सज्जन वाटेल आणि अर्ध्यांना चोर. असा कुणी खरोखर होऊन गेला आहे का? तेव्हा मी एका ओळीत नाव सांगून थांबलो. पण हा माणूस बरीच वर्षं माझ्या डोक्यात आहे आणि त्याच्यावर अन्याय झालाय असं मला मनापासून वाटतं. म्हणून हा धागा.

नेव्हिल मास्केलिन. जन्म लंडनचा, ६ ऑक्टोबर १७३२. शाळेत असताना १७४८ चं सूर्यग्रहण पाहिलं आणि आकाशाचं वेड लागलं. केंब्रिजला गणित शिकला, पाद्री झाला, आणि १७६५ पासून १८११ साली मरेपर्यंत ग्रिनिच वेधशाळेचा प्रमुख, म्हणजे राजखगोलज्ञ राहिला. सलग ४६ वर्षं. आज जगातलं प्रत्येक घड्याळ ग्रिनिचपासून मोजलं जातं, त्यात या माणसाचा वाटा फार मोठा आहे. तरीही त्याचं नाव काढलं की लोकांना आठवतो तो एका म्हाताऱ्या सुताराचा छळ करणारा खलनायक.

आधी प्रश्न समजून घेऊ. भर समुद्रात अक्षांश काढणं सोपं, ध्रुवताऱ्याची उंची मोजली की झालं. रेखांश मात्र काळात दडलेला असतो. पृथ्वी तासाला १५ अंश फिरते, म्हणजे एक अंश बरोबर ४ मिनिटं. जहाजावर दुपारचे बारा वाजलेत हे सूर्य सांगतो. त्याच क्षणी घरच्या बंदरात किती वाजलेत हे कळलं तर दोन वेळांतला फरक हाच रेखांश. पण घरची वेळ कळणार कशी? लंबकाचं घड्याळ डोलत्या जहाजावर चालत नाही. १७०७ साली सिली बेटांजवळच्या खडकांवर इंग्रजांची चार जहाजं फुटली आणि हजाराहून अधिक खलाशी बुडाले. १७१४ मध्ये ब्रिटिश संसदेने कायदा केला: अर्ध्या अंशाच्या आत रेखांश सांगणाऱ्याला २०,००० पौंड. निवाडा करायला रेखांश मंडळ नेमलं.

दोन वाटा होत्या. एक घड्याळाची. यॉर्कशायरचा जॉन हॅरिसन, स्वतःच्या बळावर शिकलेला सुतार. त्याने १७३५ ते १७५९ या काळात चार यंत्रं केली. पहिली तीन अवजड. चौथं तेरा सेंटिमीटर व्यासाचं, एका मोठ्या खिशातल्या घड्याळासारखं. दुसरी वाट चंद्राची. चंद्र ताऱ्यांमधून तासाला साधारण अर्धा अंश सरकतो. म्हणजे आकाश ही तबकडी आणि चंद्र हा काटा. चंद्राचं एखाद्या ताऱ्यापासूनचं अंतर मोजायचं आणि तेवढं अंतर ग्रिनिचला किती वाजता असणार होतं हे आधीच छापलेल्या कोष्टकातून काढायचं. मास्केलिन या दुसऱ्या वाटेचा. १७६१ मध्ये शुक्राचं अधिक्रमण (शुक्र सूर्यबिंबावरून सरकताना दिसणं) पाहायला तो सेंट हेलेना बेटावर गेला, तिथे ढगांनी घात केला, पण वाटेत त्याने टोबियास मायर या जर्मन गणितज्ञाच्या कोष्टकांनी स्वतः रेखांश काढून पाहिले. जमलं.

मग १७६३-६४ ला बार्बाडोसची चाचणी. हॅरिसनचं चौथं घड्याळ घेऊन त्याचा मुलगा विल्यम आला. तिथलं खगोलीय मोजमाप करायला मंडळाने पाठवलेला माणूस मास्केलिन. विल्यमने तिथेच हरकत घेतली की हा तर प्रतिस्पर्धी पद्धतीचा माणूस. अखेर मास्केलिन आणि त्याचा सहकारी चार्ल्स ग्रीन यांनी आळीपाळीने वेध घ्यायचे असं ठरलं. घड्याळ ४७ दिवसांच्या प्रवासात फक्त ३९ सेकंद चुकलं. अटीपेक्षा तिप्पट चांगलं.

इथवर कुणाला वाटेल की गोष्ट संपली. पण परतल्यावर काही महिन्यांत मास्केलिन राजखगोलज्ञ झाला आणि पदामुळे आपोआप मंडळाचा सदस्यही. मंडळाने हॅरिसनला सांगितलं: अर्धं बक्षीस घड्याळाची रचना उघड केल्यावर, उरलेलं अर्धं तशीच आणखी घड्याळं बनवता येतात हे दाखवल्यावर. मे १७६६ मध्ये मास्केलिन स्वतः हॅरिसनच्या घरी यंत्रं न्यायला गेला. पहिलं यंत्र हमालांच्या हातून पडलं. पुढे चौथ्या घड्याळाची ग्रिनिचला दहा महिने तपासणी झाली आणि अहवाल आला की ते दिवसाला जवळपास वीस सेकंद पुढे धावतं, भरवशाचं नाही.

माझं म्हणणं एवढंच आहे: हा माणूस लबाड नव्हता. त्याने स्वतःसाठी बक्षीस मागितलं नाही. ज्या गोष्टीची नक्कल होऊ शकत नाही ती विद्या नव्हे, अशी त्याची खरी श्रद्धा होती. एका कारागिराच्या हातात असलेलं एक घड्याळ हजारो जहाजांना कसं वाचवणार?

तुम्हाला काय वाटतं?

लंबक

छान लिहिलंय, पण तुमच्या वकिलीशी मी अजिबात सहमत नाही.

माझे वडील घड्याळं दुरुस्त करायचे. लहानपणापासून त्यांच्या टेबलाशी बसलोय. त्यामुळे ग्रिनिचच्या त्या अहवालातला एक मुद्दा मला तरी सोडवत नाही. प्रत्येक चांगल्या घड्याळाची एक ठरलेली चाल असते. ते रोज वीस सेकंद पुढे जात असेल तर काही बिघडत नाही, रोज तेवढंच गेलं म्हणजे झालं. तेवढी वजाबाकी करायची. महत्त्व आहे ते चाल बदलते का याला. मास्केलिन गणिती होता, त्याला हे ठाऊक नव्हतं? आणि ते घड्याळ नुकतंच रचना दाखवण्यासाठी पूर्ण उलगडून पुन्हा जुळवलेलं होतं. उघडलेल्या घड्याळाला बसायला वेळ लागतो, हे कुणीही कारागीर सांगेल.

हॅरिसन तेव्हा ७३ वर्षांचा होता. चाळीस वर्षं एका कामात घातलेली. त्याच्या घरातून यंत्रं उचलून दगडी रस्त्यांवरून बिनस्प्रिंगच्या गाडीतून नेली.

मघा

लंबक, तुमचा राग पटतोय. पण ती वीस सेकंदांची चाल तशीच्या तशी रोज राहिली नाही, बदलत गेली, हेही त्या तपासणीत दिसतं. घड्याळ खोलल्यामुळे असेल. मुद्दा असा की मास्केलिनने आकडे बनवले नाहीत. पेटीला दोन कुलपं होती, एक किल्ली त्याच्याकडे आणि दुसरी नाविकांच्या रुग्णालयातल्या अधिकाऱ्याकडे, दोघे हजर असल्याशिवाय ती उघडत नसे.

मला चंद्राच्या पद्धतीत एक गोष्ट फार भावली, ती सांगते. पंचांगात चंद्र रोज साधारण एक नक्षत्र पुढे जातो, नक्षत्र १३ अंश २० कलांचं (कला म्हणजे अंशाचा साठावा भाग). आपली आजी अंगणात उभी राहून 'आज चंद्र रोहिणीत' म्हणते तेव्हा ती याच तबकडीवरचा हाच काटा वाचत असते, फक्त ढोबळ. मास्केलिनच्या कोष्टकांत चंद्राचं अंतर ज्या ताऱ्यांपासून द्यायचे त्यांची यादी मी एकदा पाहिली आणि अंगावर काटा आला. रोहिणी, पुनर्वसूतला पोलक्स, मघा, चित्रा, ज्येष्ठा, श्रवण. चंद्राच्या वाटेवरचे तेजस्वी तारे मोजकेच आहेत, म्हणून ज्याने ज्याने चंद्र मोजला तो याच ताऱ्यांपाशी पोचला.

नवाकथाकार

माझ्या प्रश्नातून हा धागा निघाला, त्यामुळे आधी मनापासून आभार. वाचतोय आणि टिपणं काढतोय.

एक विचारू? मंडळात बसून मास्केलिनला थेट काय मिळणार होतं? लोभ नसेल तर वैर कसलं?

ध्रुवमत्स्य

पैसा नाही. राजखगोलज्ञाचा मूळ पगार वर्षाला १०० पौंड होता. मानाची गोष्ट असू शकेल. पण मला वाटतं त्याच्या डोळ्यासमोर वेगळं चित्र होतं.

फेब्रुवारी १७६५ च्या बैठकीत त्याने ईस्ट इंडिया कंपनीच्या जहाजांवरचे अधिकारी साक्षीला आणले. हे लोक त्याचं पुस्तक वापरून चंद्रावरून रेखांश काढत होते, पण एका गणिताला चार चार तास लागायचे. मास्केलिन म्हणाला, ही कोष्टकं सरकारने आधीच मांडून दरवर्षी छापावी. त्यातून नॉटिकल अल्मनॅक जन्माला आलं, पहिलं १७६७ सालासाठीचं. दर तीन तासांचं चंद्राचं अंतर तयार छापलेलं. चार तासांचं काम अर्ध्या तासावर आलं. दुसरीकडे लार्कम केंडॉलने हॅरिसनच्या घड्याळाची हुबेहूब नक्कल केली तिला ४५० पौंड आणि वर ५० बक्षीस लागलं. एवढ्या पैशात कितीतरी जहाजांना पुस्तकं आणि सेक्स्टंट, म्हणजे आकाशातले कोन मोजायची उपकरणं, देता आली असती. तो गरीब कप्तानाच्या बाजूने होता असं मला वाटतं.

गिर्येचा_दिवा

ईस्ट इंडिया कंपनीचं नाव निघालंच आहे तर आमच्या गावाकडची एक गोष्ट जोडतो. मास्केलिनची सख्खी बहीण मार्गारेट मद्रासला आली आणि १७५३ मध्ये तिचं लग्न झालं रॉबर्ट क्लाइव्हशी. होय, तोच प्लासीचा. भाऊ एडमंड कंपनीच्या सैन्यात होता, क्लाइव्हचा दोस्त.

आणि हाच क्लाइव्ह फेब्रुवारी १७५६ मध्ये अॅडमिरल वॉटसनच्या आरमाराबरोबर विजयदुर्गावर आला. तुळाजी आंग्र्यांचं आरमार तिथे जळालं, किल्ला पडला. त्यात पेशव्यांचीही बाजू इंग्रजांबरोबर होती, हे आम्ही घरात बोलताना आजही खाली मान घालून बोलतो. मी लहानपणी त्या तटावर खेळलोय.

त्यामुळे मास्केलिन गरिबांचा कैवारी वगैरे मला जड जातं. रेखांश हवा होता तो कुणाला? जहाजं बुडू नयेत म्हणून तर खरंच, पण ती जहाजं कुठे जात होती? आमच्याच किनाऱ्याला. आंग्र्यांच्या माणसांना आपला किनारा वाऱ्यावरून, पाण्याच्या रंगावरून कळायचा. घरापासून हजारो मैलांवर येणाऱ्यालाच घरची वेळ सोबत न्यावी लागते.

लंबक

गिर्येचा_दिवा, हा प्रतिसाद दोनदा वाचला. धन्यवाद.

मघा

मीही. आणि तरीही मला त्या पुस्तकामागची माणसं सांगायची आहेत, कारण ती कुठल्याच वादात येत नाहीत.

अल्मनॅकची गणितं ग्रिनिचला होत नव्हती. मास्केलिनने इंग्लंडभर विखुरलेल्या लोकांना घरी बसून गणित करायला दिलं. शिक्षक, पाद्री, जमीन मोजणारे. दोघांनी एकच महिना स्वतंत्रपणे मांडायचा, तिसऱ्याने दोन्ही ताडून पाहायचे. एकदा दोन गणकांनी एकमेकांचं उतरवलं. ताडून पाहणाऱ्याने पकडलं आणि मास्केलिनने दोघांनाही काढून टाकलं. त्यांच्या चुकीने कुठल्या तरी खडकावर जहाज आदळलं असतं.

त्यांच्यात एक बाई होती, मेरी एडवर्ड्स, लडलो गावची. काम नवऱ्याच्या नावावर होतं, करत होती ती. १७८४ मध्ये नवरा वारला, पदरी मुली. मास्केलिनने काम तिच्याच नावावर चालू ठेवलं आणि पुढे ते वाढवलं. तो मेल्यावर नव्या राजखगोलज्ञाच्या काळात तिचं काम कमी झालं तेव्हा तिने मंडळाकडे दाद मागितली आणि मंडळाने ती मानली. तिच्यानंतर तिची मुलगी एलायझा हेच काम करत राहिली. अठराव्या शतकात एका विधवेला तिच्या गणिताचे पैसे तिच्या नावाने देणारा माणूस मला खलनायक म्हणवत नाही.

लंबक

मेरी एडवर्ड्सबद्दल माहीत नव्हतं. हे ऐकून बरं वाटलं.

पण मग डेव्हिड किनेब्रुकचंही सांगा. मास्केलिनचा सहाय्यक. आकाशातला तारा दुर्बिणीत ताणलेल्या बारीक धातूच्या तारेवरून जातानाची वेळ घड्याळाच्या टिकटिकीवर कान ठेवून नोंदवायची, असं ते काम. १७९५ मध्ये मास्केलिनच्या लक्षात आलं की हा मुलगा आपल्यापेक्षा अर्धा सेकंद उशिरा नोंदवतो. समजावलं, सुधारेना, उलट फरक आठ दशांश सेकंदांवर गेला. १७९६ मध्ये काढून टाकलं. मुलगा १८०२ मध्ये वारला.

आणि वीस-पंचवीस वर्षांनी बेसेल या जर्मन खगोलज्ञाने ती नोंद वाचली आणि ताडलं की चूक मुलाची नव्हतीच. डोळ्याने पाहिलेलं आणि कानाने ऐकलेलं जुळवायला प्रत्येक मेंदूला वेगळा वेळ लागतो. त्यालाच पुढे वैयक्तिक समीकरण म्हणू लागले. हॅरिसनच्या घड्याळाची चाल मोजून वजा करायला हवी होती, तसाच या मुलाचा उशीरही. दोन्हीकडे तोच हट्ट, की माझी वेळ ती खरी वेळ. मला यात त्याचा सगळा स्वभाव दिसतो.

ध्रुवमत्स्य

लंबक, हा मुद्दा मला यापूर्वी कधी सुचला नव्हता. किनेब्रुक आणि घड्याळ यांना मी कायम वेगळ्या खणांत ठेवलं. तुम्ही दोन्ही एकत्र ठेवल्यावर माझ्या पहिल्या लेखातलं 'लबाड नव्हता' हे वाक्य खरं राहतं, पण अपुरं पडतं. एवढं कबूल केलंच पाहिजे: त्याने त्या मुलाला काढल्याची नोंद खेद व्यक्त करून स्वतःच छापली. ती छापली नसती तर बेसेलला काहीच कळलं नसतं.

घड्याळांचा वैरी तो नव्हता, हे मात्र मी धरून ठेवेन. म्हातारपणी थॉमस अर्नशॉ या घड्याळजीला बक्षीस मिळावं म्हणून तो रॉयल सोसायटीचा अध्यक्ष जोसेफ बँक्स याच्याशी उघड भांडला. बँक्सचा कल आर्नल्ड या दुसऱ्या घड्याळजीकडे होता. अर्नशॉही साधा कारागीरच, आणि त्याची घड्याळं स्वस्तात पुन्हा पुन्हा बनवता येण्यासारखी होती. म्हणजे नक्कल होऊ शकते असं दिसल्याबरोबर मास्केलिन त्याच्या बाजूने उभा राहिला.

हॅरिसनचं काय झालं तेही सांगून टाकतो. १७७२ मध्ये राजा तिसरा जॉर्ज याने त्याचं पाचवं घड्याळ स्वतःच्या वेधशाळेत तपासलं, दिवसाला एक तृतीयांश सेकंदाच्या आत उतरलं. १७७३ मध्ये संसदेने ८,७५० पौंड दिले. मंडळाकडून उरलेलं अर्धं बक्षीस कधीच नाही. २४ मार्च १७७६ ला तो वारला.

नवाकथाकार

माझा प्रमुख आता पार बदलला. आधी तो काळ चोरणारा होता. आता तो दुसऱ्याच्या हातातला काळ कबूल करायला तयार नसलेला माणूस झालाय, आणि रात्री थंडीत जागून, एकेक आकडा तपासून, अनोळखी खलाशांना वाचवणाराही.

कुणाला त्याच्या रोजच्या आयुष्यातलं काही ठाऊक आहे का? वेधशाळेतलं, घरातलं?

मघा

त्याचा वेध घेतानाचा पोशाख ग्रिनिचच्या संग्रहालयात जपलाय. रेशमी, आत जाड अस्तर भरलेला. छप्पर उघडं ठेवून हिवाळ्याच्या रात्री बसायचं म्हणजे दुसरा उपाय नाही. लग्न उशिरा केलं, पन्नाशी ओलांडल्यावर, १७८४ मध्ये. एकच मुलगी, तिचंही नाव मार्गारेट.

आणि शिहॅलियनची गोष्ट. स्कॉटलंडमधला हा डोंगर आकाराने सुबक, म्हणून त्याच्या ओढीने ओळंबा किती कलतो हे मोजून पृथ्वीची घनता काढायची, असं ठरलं. १७७४ मध्ये मास्केलिन पाऊस-धुक्यात चार महिने त्या डोंगरावर झोपडीत राहिला. त्यावरून चार्ल्स हटनने गणित केलं, घनता पाण्याच्या साडेचार पट आली. आजचा आकडा साडेपाच. शेवटच्या रात्री मेजवानी झाली, झोपडीला आग लागली आणि गावच्या पोराचं फिडल जळालं. मास्केलिनने लंडनहून त्याला नवं फिडल पाठवलं. त्या पोराने त्याच्यावर गेलिक भाषेत गाणं रचलं. अहवालात घनता राहिली आणि त्या खोऱ्यात गाणं राहिलं.

गिर्येचा_दिवा

हे गाणं हॅरिसनच्या नातवंडांना ऐकवायला हवं होतं. रागाने म्हणत नाही. एकाच माणसाकडून एकाचं वाद्य भरून निघतं आणि दुसऱ्याचं यंत्र मोडतं, याचं खरंच वाईट वाटतं.

पाणकोळी

व्यापारी जहाजांवर तीस वर्षं होतो, आता निवृत्त. इथे सहसा फक्त वाचतो.

वादात एक गोष्ट सुटतेय. समुद्रावर कुणीही एकावर भरवसा ठेवत नाही. जेम्स कुक दुसऱ्या सफरीवर, १७७२ ते ७५, केंडॉलची नक्कल घेऊन गेला आणि घड्याळावर बेहद्द खूश झाला. पण सफरभर चंद्राचे वेधही घेत राहिला, कारण घड्याळ थांबलं तर ते पुन्हा कशावर लावणार? आकाशावरच. क्रोनोमीटर, म्हणजे जहाजावरचं अचूक घड्याळ, आणि अल्मनॅक शंभर-सव्वाशे वर्षं शेजारी शेजारी होते. चंद्राच्या अंतरांचे तक्ते १९०६ सालापर्यंत छापले गेले. आणि बहुतेक सागरी नकाशे अल्मनॅकमुळे ग्रिनिचवरून आखलेले, म्हणून १८८४ च्या वॉशिंग्टन परिषदेत मूळ रेखावृत्त ग्रिनिचच ठरलं. तोवर जगातल्या जहाजी वाहतुकीचा ७२ टक्के भार तेच नकाशे वापरत होता. मुंबईने आपली वेगळी वेळ, ग्रिनिचच्या ४ तास ५१ मिनिटं पुढे, १९५५ पर्यंत जपली, पण तिचीही मोजणी ग्रिनिचपासूनच होती.

धागा वाचून राहवलं नाही. पुतण्याला घेऊन विजयदुर्गाला गेलो होतो, सेक्स्टंट अजून जपलाय. मनगटातलं घड्याळ मुद्दाम पुतण्याकडे दिलं आणि चंद्र ते ज्येष्ठा अंतर घेतलं, पाच वेळा, मग दोन्हींच्या उंच्या. अपवर्तन (हवेत प्रकाश वाकल्याने होणारा फरक) आणि चंद्राचं लंबन (पृथ्वीच्या पृष्ठभागावरून पाहिल्याने चंद्र जरा सरकलेला दिसणं) काढून टाकायला कागदावर अडीच तास लागले, कारण तयार तक्ते आता मिळत नाहीत, अंतरंही मीच मांडली. उत्तर आलं ७४ अंश पूर्व. विजयदुर्ग आहे ७३ अंश २० कलांवर. चूक ४० कलांची, म्हणजे चंद्राच्या अंतरात माझा हात जेमतेम सव्वा कलेने हलला असेल. नकाशावर पाहिलं तर मी उभा होतो राधानगरीजवळ, समुद्रापासून सत्तर किलोमीटर आत.

पुतण्या गप्प होता. मग त्याने मनगटावर पाहिलं आणि वेळ सांगितली. मी म्हटलं, थांब, आधी पुन्हा एकदा मोजतो.

लंबक

काका, पुढच्या वेळी मलाही बोलवा. मी वडिलांचं घड्याळ आणतो, त्याची चाल मला पाठ आहे.

गिर्येचा_दिवा

आमच्या घरी उतरा. गच्चीवरून पश्चिमेचं क्षितिज मोकळं दिसतं.